मागील पानावरून पुढे : पडण्याच्या अपघाताचे दीर्घकालीन परिणाम आणि त्यांची नोंद

(संस्थेच्या सुवर्णमहोत्सवानिमित्त वेळणेश्वर येथे दिलेल्या व्याख्यानाची संहिता)



सुवर्णमहोत्सवाच्या कार्यक्रमपत्रिकेत 'वैद्यकीय संकेतांक' हा विषय वाचून आपणांपैकी काहींना नवल वाटले असेल. विषय रुक्ष आहे, हे मला मान्य आहे. परंतु ज्या समाजाने पिढ्यान्पिढ्या कीर्द आणि खतावणी निष्ठेने सांभाळली, त्या समाजाला तो समजण्यास मुळीच कठीण नाही. रुग्णालयातील केसपेपर ही कीर्द आहे. त्या दिवशी जे घडले ते तेथे घडले तसे लिहिले जाते. संकेतांक म्हणजे खतावणीतील खाते होय. हजारो नोंदी कोणत्या खात्यावर चढल्या, हे पाहिल्यावरच व्यापाराची स्थिती कळते. तसेच इजांच्या नोंदी कोणत्या संकेतांकाखाली गेल्या, हे पाहिल्यावरच समाजाच्या आरोग्याची स्थिती कळते. आणि वर्ष संपले तरी येणे-देणे संपत नाही. नवी वही उघडली की पहिल्या पानावर 'मागील पानावरून पुढे' असे लिहून जुनी बाकी ओढावी लागते. आजचे माझे सर्व सांगणे या तीन शब्दांभोवतीच आहे.

आपण ज्या भूमीत जमलो आहोत, तेथील जीवन चढ-उताराचे आहे. समुद्रकाठी माडांची आणि पोफळींची आगरे, वाडीवाडीला जोडणाऱ्या जांभ्या दगडाच्या पाखाड्या, पावसाळ्यात त्यांवर चढणारे शेवाळ, खोल विहिरी, उतरत्या छपरांवरील कौले. नारळ पाडण्यासाठी माडावर चढावे लागते, सुपारीसाठी एका पोफळीवरून दुसऱ्या पोफळीवर झोके घेत जावे लागते, मृगापूर्वी कौले शाकारण्यासाठी छपरावर जावे लागते. घरातील कर्ती मुले मुंबई-पुण्यास, आणि गावच्या घरात वृद्ध आई-वडील, हे चित्रही आपणांस परके नाही. अशा प्रदेशात 'पडला' हा शब्द इतका नित्याचा आहे की, त्याला कोणी आजार म्हणत नाही आणि त्याची नोंदही कोणी आवर्जून ठेवत नाही.

जगाचा हिशेब मात्र वेगळे सांगतो. जागतिक आरोग्य संघटनेने २०२१ मध्ये दिलेल्या अंदाजानुसार जगात दरवर्षी सुमारे ६ लाख ८४ हजार माणसे पडल्यामुळे मृत्यू पावतात. अनपेक्षित इजांमुळे होणाऱ्या मृत्यूंत रस्त्यावरील अपघातांच्या खालोखाल पडण्याचा क्रमांक लागतो. यांतील ८० टक्क्यांहून अधिक मृत्यू अल्प व मध्यम उत्पन्नाच्या देशांत होतात. वैद्यकीय उपचार घ्यावे लागतील इतक्या गंभीर पडण्याच्या घटना दरवर्षी सुमारे ३ कोटी ७३ लाख घडतात. मृत्यूचा आकडा आणि हा आकडा यांतील अंतर लक्षात घ्या. पडलेल्यांपैकी बहुतेक सर्व जगतात. प्रश्न आहे तो, ते कसे जगतात याचा.

पडणे क्षणाचे असते. त्याचा परिणाम कधी कधी आयुष्यभराचा असतो. माडावरून पडलेल्याच्या मज्जारज्जूला इजा झाली, तर कमरेखालचे शरीर कायमचे लुळे पडते. पाखाडीवर घसरलेल्या वृद्धेचे खुब्याचे हाड मोडले, तर ते जुळल्यावरही पाय आखूड राहतो, चाल बदलते, काठी सुटत नाही. डोक्यास मार लागलेल्याला काही महिन्यांनी अपस्माराचे झटके येऊ लागतात. मनगटाचे हाड वाकडे जुळले, तर कारागिराची मूठ पूर्वीसारखी वळत नाही. वैद्यकशास्त्रात यांना इजेचे 'उत्तरपरिणाम' म्हणता येईल. इजा बरी होण्याची प्रक्रिया संपली आहे, परंतु तिने मागे ठेवलेली उणीव राहिली आहे, अशी ही अवस्था होय. हाड अजून जुळत आहे, प्लास्टर अजून काढावयाचे आहे, तोवर तो उत्तरपरिणाम नव्हे. तो चालू उपचार आहे. हा भेद नोंदीच्या शास्त्रात फार महत्त्वाचा मानला जातो.

आता या शास्त्राचा थोडा पूर्वेतिहास पाहू. मृत्यूंच्या कारणांची सर्व देशांनी एकाच पद्धतीने नोंद करावी, या हेतूने १८५३ मध्ये ब्रुसेल्स येथील सांख्यिकी परिषदेने इंग्लंडचे विल्यम फार आणि जिनिव्हाचे मार्क देस्पिन यांच्याकडे एकसमान यादी तयार करण्याचे काम सोपविले. पुढे फ्रान्सचे झाक बर्तियों यांनी तयार केलेले वर्गीकरण १८९३ मध्ये शिकागो येथे स्वीकारले गेले. त्याच्या एकामागून एक सुधारित आवृत्त्या निघाल्या. १९४८ मध्ये हे काम जागतिक आरोग्य संघटनेकडे आले आणि सहाव्या आवृत्तीपासून मृत्यूंबरोबर आजारांचीही नोंद त्यात होऊ लागली. यालाच आपण आंतरराष्ट्रीय रोगवर्गीकरण, किंवा रुग्णालयांच्या बोलीत 'आय.सी.डी.' म्हणतो. दहावी आवृत्ती १९९० मध्ये संमत झाली व १९९४ पासून वापरात आली. अकरावी आवृत्ती मे २०१९ मध्ये स्वीकारली गेली आणि १ जानेवारी २०२२ पासून अमलात आली. भारतातील पुष्कळ रुग्णालयांच्या नोंदी आजही दहाव्या आवृत्तीच्या संकेतांकांनी होतात, म्हणून माझी उदाहरणे मुख्यतः तिच्यातील आहेत.

या वर्गीकरणाने इजेविषयी एक मोठा विवेक दाखविला आहे. इजेला दोन खाती दिली आहेत. पहिले खाते 'काय मोडले' याचे आणि दुसरे 'कशाने मोडले' याचे. खुब्याचे हाड मोडले हे पहिले. घरच्या पायऱ्यांवरून पडल्याने मोडले हे दुसरे. शल्यचिकित्सकाला पहिले पुरते. परंतु ज्याला पुढचा अपघात टाळावयाचा आहे, त्याला दुसऱ्यावाचून गत्यंतर नाही.

दहाव्या आवृत्तीत अपघाती पडण्यासाठी 'डब्ल्यू ००' ते 'डब्ल्यू १९' असे २० गट आहेत. घसरून, ठेच लागून किंवा अडखळून सपाट जागेवर पडणे 'डब्ल्यू ०१'. पलंगावरून पडणे 'डब्ल्यू ०६'. जिन्यावरून वा पायऱ्यांवरून पडणे 'डब्ल्यू १०'. शिडीवरून पडणे 'डब्ल्यू ११'. इमारतीवरून पडणे 'डब्ल्यू १३'. छपरावरून पडणारा येथेच येतो. झाडावरून पडणे 'डब्ल्यू १४'. विहिरीत किंवा खड्ड्यात पडून इजा होणे 'डब्ल्यू १७'. त्यापुढे बिंदू देऊन स्थळाचा अंक लिहावयाचा असतो : घरासाठी ०, रस्त्यासाठी ४, शेतासाठी ७. प्रार्थनास्थळे शाळा व अन्य संस्थांच्या गटात, म्हणजे २ या अंकात येतात. म्हणजे आगरातील माडावरून पडलेल्याचा संकेतांक 'डब्ल्यू १४.७', घरच्या जिन्यावरून पडलेल्या आजींचा 'डब्ल्यू १०.०', आणि मंदिराच्या पायरीवरून पडलेल्या भाविकाचा 'डब्ल्यू १०.२'. चार-पाच अक्षरांत केवढी हकिकत साठविली आहे, पाहा. दुचाकीवर मागे बसलेली भगिनी रस्त्यावर पडली, तर ती मात्र या खात्यात येत नाही; ती वाहन अपघातांच्या खात्यात जाते.

या मालिकेतील शेवटचा संकेतांक 'डब्ल्यू १९' आहे. त्याचा अर्थ 'पडणे, अधिक तपशील नाही'. केसपेपरवर नुसते 'पडून इजा' असे लिहिलेले असेल, तर संकेतांक देणाऱ्याला दुसरा मार्ग उरत नाही. हिशेबाच्या वहीत 'किरकोळ खर्च' या खात्यावर निम्मी रक्कम चढली, तर ती वही कोणत्या उपयोगाची? 'डब्ल्यू १९' हे आपले किरकोळ खाते आहे.

आता मुख्य मुद्द्याकडे येतो. वर्षे लोटल्यावर उरलेल्या परिणामाची नोंद कशी करावयाची? त्यासाठी एक काल्पनिक उदाहरण घेऊ. समजा, ४५ वर्षांचा एक कष्टकरी माडावरून पडला. कमरेचा मणका मोडला, मज्जारज्जूला इजा झाली. पहिल्या वेळी रुग्णालयात नोंद होईल ती अशी : कमरेच्या मणक्याचा अस्थिभंग 'एस ३२.०', मज्जारज्जूची इजा 'एस ३४.१' आणि कारण 'डब्ल्यू १४.७'. तीन वर्षांनी तोच माणूस पाठीवरील दाबव्रणासाठी पुन्हा दाखल होतो. आता मणका मोडलेला नाही. तो केव्हाच जुळला आहे. म्हणून जुने संकेतांक तसेच्या तसे लिहिणे चूक ठरेल. आता लिहावयाचे ते असे : दाबव्रण 'एल ८९', दोन्ही पायांचा पक्षाघात 'जी ८२.२', मज्जारज्जूच्या जुन्या इजेचा उत्तरपरिणाम 'टी ९१.३' आणि त्यामागील अपघाताचा उत्तरपरिणाम 'वाय ८६'. खुब्याच्या जुन्या अस्थिभंगामुळे लंगडणाऱ्या आजींसाठी याच रीतीने 'टी ९३.१' हा संकेतांक आहे, आणि डोक्याच्या जुन्या आंतरिक इजेसाठी 'टी ९०.५'.

येथे मागील बाकी पुढे ओढली गेली. आजचा आजार प्रथम, त्यामागील जुनी इजा नंतर, आणि त्या इजेमागील कारण शेवटी. घटनेनंतर एक वर्ष किंवा अधिक काळाने दिसणारे परिणाम, तसेच डॉक्टरांनी 'जुन्या इजेचा परिणाम' असे स्पष्ट लिहिलेले विकार, यांना जागतिक वर्गीकरण उत्तरपरिणाम मानते. परंतु ही साखळी संकेतांक देणाऱ्याला आपल्या मनाने जोडता येत नाही. डॉक्टरांच्या टिपणात 'तीन वर्षांपूर्वी माडावरून पडल्यामुळे' हे शब्द असतील, तरच ती जुळते. ते शब्द नसतील, तर उरतो तो केवळ एक दाबव्रण, केवळ एक पक्षाघात. माड नोंदीतून नाहीसा होतो.

जाणकारांनी लक्ष द्यावे अशी एक उणीव या पद्धतीतही आहे. नवव्या आवृत्तीत अपघाती पडण्याच्या उत्तरपरिणामांसाठी 'ई ९२९.३' असा स्वतंत्र संकेतांक होता. दहाव्या आवृत्तीत मात्र वाहन अपघातांचे उत्तरपरिणाम 'वाय ८५' मध्ये वेगळे ठेवले आणि पडणे, भाजणे, यंत्रात सापडणे, बुडता बुडता वाचणे अशा बाकीच्या सर्व अपघातांचे उत्तरपरिणाम 'वाय ८६' या एकाच खात्यावर चढविले. म्हणजे पडून पंगू झालेल्यांची वेगळी संख्या केवळ या संकेतांकावरून काढता येत नाही. अमेरिकेने १ ऑक्टोबर २०१५ पासून वापरात आणलेल्या आपल्या विस्तारित आवृत्तीत यावर तोडगा काढला. तेथे मूळ इजेच्या व मूळ कारणाच्या संकेतांकाला सातवे अक्षर जोडतात : सक्रिय उपचार चालू असताना 'ए', नंतर बरे होण्याच्या काळात 'डी' आणि उत्तरपरिणामासाठी 'एस'. त्यामुळे माड २० वर्षांनीही माडच राहतो. 'डब्ल्यू १४' च्या पुढे केवळ 'एस' येतो. यासाठी त्यांनी काळाची मर्यादाही ठेवलेली नाही. अकराव्या आवृत्तीत एकाहून अधिक संकेतांक एकत्र गुंफून लिहिण्याची सोय आहे, आणि १ मीटरहून कमी उंचीवरून वा सपाट जागेवर पडणे 'पीए ६०', तर १ मीटर वा अधिक उंचीवरून पडणे 'पीए ६१' असा सुटसुटीत भेद केला आहे.

बंधू-भगिनींनो, यातील एक विसंगती मला फार बोचते. पुणे, मुंबई, नवी मुंबई येथील कार्यालयांत बसून अमेरिकेतील रुग्णालयांच्या कागदांना संकेतांक देणारे मराठी तरुण-तरुणी आज पुष्कळ आहेत. कोकणातील सुशिक्षित मुलेही या व्यवसायात आहेत. परदेशातील एखादी अनोळखी वृद्धा दहा वर्षांपूर्वी कोठल्या पायरीवरून पडली, हे ती मुले अचूक नोंदवितात, कारण तेथील विम्याचे पैसे त्या नोंदीवर अवलंबून असतात. आणि त्याच मुलांच्या गावच्या घरी पाखाडीवर पडून अंथरुणाला खिळलेल्या आजींच्या कागदावर मात्र 'संधिवात' एवढाच शब्द असतो. विद्या आपल्या घरात आहे. ती आपल्या उंबरठ्याच्या आत वापरलेली नाही.

कोणी म्हणेल, संकेतांक लिहिल्याने पाय थोडाच परत येणार आहे? नाही येणार. परंतु नोंद नसल्याने काय जाते, ते ऐका.

केंद्र शासनाची प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजना ९ मे २०१५ रोजी सुरू झाली. १८ ते ७० वर्षे वयाच्या बँक खातेदाराला ती घेता येते. तिचा वार्षिक हप्ता आरंभी १२ रुपये होता, १ जून २०२२ पासून तो २० रुपये झाला. अपघाती मृत्यू वा संपूर्ण कायम अपंगत्वास २ लाख रुपये आणि अंशतः कायम अपंगत्वास १ लाख रुपये मिळण्याची तीत तरतूद आहे. दोन्ही पायांची शक्ती कायमची जाणे हे संपूर्ण अपंगत्वात मोडते. आता या योजनेच्या खुलाशातील एक वाक्य आपल्या आगरांसाठीच लिहिले आहे असे वाटते. सर्पदंश, झाडावरून पडणे अशा घटनांत कारणाला तत्काळ केलेल्या रुग्णालयीन नोंदीचा आधार असावा, असे ते सांगते. म्हणजे पहिल्या दिवशीच्या केसपेपरवर 'झाडावरून पडून' हे शब्द आहेत की नाहीत, यावर त्या कुटुंबाचे २ लाख रुपये अवलंबून आहेत.

महाराष्ट्र शासनाच्या गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात योजनेचे २०२३ मध्ये सानुग्रह अनुदान योजनेत रूपांतर झाले. तिच्या अपघातांच्या यादीत 'उंचावरून पडणे' हे कारण स्पष्ट आहे. शेतकरी आणि त्याच्या कुटुंबातील १० ते ७५ वर्षे वयाच्या पात्र व्यक्तीला तिचा लाभ मिळू शकतो. तेथेही अपघात सिद्ध करणारी कागदपत्रेच मागितली जातात. माडावर चढणाऱ्यांसाठी नारळ विकास मंडळाची 'केरा सुरक्षा' ही विमा योजना आहे. वैयक्तिक अपघात विम्याच्या करारांत तर अपघातानंतर १२ महिन्यांच्या आत अपंगत्व उद्भवले पाहिजे, अशी अट सर्वसाधारणपणे असते. उत्तरपरिणाम सावकाश प्रकट होतो आणि मुदत मात्र त्याच्यासाठी थांबत नाही. म्हणून तारीख लिहिलेला कागद हाच त्या माणसाचा साक्षीदार असतो.

येथे एक गैरसमज दूर केला पाहिजे. संकेतांक म्हणजे अपंगत्वाचा दाखला नव्हे. दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ याने २१ प्रकारचे दिव्यांगत्व मान्य केले असून अनेक सवलतींसाठी किमान ४० टक्के दिव्यांगत्व आवश्यक धरले आहे. ती टक्केवारी तपासणी करून सक्षम वैद्यकीय अधिकारी ठरवितात. संकेतांक कारण सांगतो, टक्केवारी उणीव मोजते, आणि त्या उणिवेसह माणूस आपले दैनंदिन जीवन कितपत चालवू शकतो हे पाहण्यासाठी जागतिक आरोग्य संघटनेने २००१ मध्ये आणखी एक स्वतंत्र वर्गीकरण स्वीकारले आहे. तिन्हींची क्षेत्रे वेगळी आहेत. परंतु तिन्हींना मूळ कागद एकच लागतो.

दुसरा विषय मृत्यूच्या दाखल्याचा. जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम १९६९ चा आहे. २०२३ च्या दुरुस्तीनंतर मृत्यूच्या कारणाचे वैद्यकीय प्रमाणपत्र देणे सर्व वैद्यकीय संस्थांना बंधनकारक झाले असून त्याची प्रत जवळच्या नातेवाइकास द्यावयाची असते. रुग्णालयातील मृत्यूसाठी नमुना ४ आणि अन्यत्र झालेल्या मृत्यूसाठी नमुना ४ अ वापरतात. त्यात कारणांची साखळी लिहिण्यासाठी एकाखाली एक ओळी आहेत. खुबा मोडून दोन महिने अंथरुणाला खिळलेल्या वृद्धेला फुप्फुसदाह होऊन मृत्यू आला, तर पहिल्या ओळीत फुप्फुसदाह, दुसऱ्या ओळीत खुब्याचा अस्थिभंग आणि तिसऱ्या ओळीत अंगणात घसरून पडणे, असे लिहिले गेले पाहिजे. मृत्यूचे मूळ कारण त्या तिसऱ्या ओळीतून निघते. पडण्यानंतर एक वर्ष उलटून मृत्यू आला, तर तेथे उत्तरपरिणामाचा संकेतांक लागू होतो. परंतु 'वार्धक्य' किंवा 'हृदय बंद पडणे' एवढेच लिहिले, तर अंगणातील ते शेवाळ निर्दोष सुटते आणि पुढच्या पावसाळ्यात दुसऱ्या घरातील आजींची वाट पाहते.

नोंदीचे अंतिम प्रयोजन हेच आहे. पैसे मिळणे आवश्यकच आहे; परंतु त्याहून मोठे प्रयोजन पुढचे पडणे टाळणे हे आहे. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या अहवालात पडून झालेले मृत्यू मोजले जातात. पडून जगलेले, परंतु उभे राहू न शकलेले तेथे येत नाहीत. त्यांना मोजण्याचे स्थान रुग्णालयाची वही हेच आहे. एखाद्या तालुक्याच्या नोंदीत 'डब्ल्यू १४.७' अधिक दिसला, तर सुरक्षित चढाईचे साधन आणि शिक्षण हवे, असे कळते. दापोलीच्या कोकण कृषी विद्यापीठाने विकसित केलेल्या 'नूतन झेल्या'ने आंबा जमिनीवर उभे राहून देठासह काढता येतो; झाडावर चढण्याची गरजच कमी होते. 'डब्ल्यू १०' अधिक दिसला, तर पाखाडीला कठडा हवा. 'डब्ल्यू ०१' घरात अधिक दिसला, तर न्हाणीघराची फरशी खडबडीत हवी आणि वृद्धांची दृष्टी व औषधे तपासली पाहिजेत. 'डब्ल्यू १९' अधिक दिसला, तर एकच कळते, ते म्हणजे कोणी विचारलेच नाही.

यात्रेला जाणाऱ्या आपल्या समाजालाही हे लागू आहे. मांगीतुंगी असो वा कुंभोजगिरी, वृद्ध श्रावक-श्राविका श्रद्धेने अनवाणी पायऱ्या चढतात. पडल्यास जवळच्या दवाखान्यात मलमपट्टी होते, घरी परतल्यावर दुसरा डॉक्टर, क्ष-किरण चित्र तिसरीकडे. वेळणेश्वरहून गुहागर, तेथून चिपळूण वा रत्नागिरी आणि शेवटी मुंबई, असा आपल्या रुग्णांचा प्रवास असतो. प्रत्येक ठिकाणी नवा केसपेपर निघतो आणि प्रत्येक नव्या केसपेपरवर जुनी हकिकत थोडी थोडी गळत जाते. शेवटच्या कागदावर आजार उरतो, अपघात उरत नाही.

म्हणून माझी आपणांस काही व्यावहारिक विनंती आहे. घरातील कोणीही पडले, तर पहिल्याच डॉक्टरांना चार गोष्टी सांगाव्यात आणि त्या केसपेपरवर लिहिल्या आहेत ना, हे पाहावे : कधी पडले, कोठे पडले, कशावरून व साधारण किती उंचीवरून पडले, आणि त्या वेळी काय करीत होते. घसरून पडले, की आधी चक्कर आली व मग पडले, हेही सांगावे. कारण चक्कर हा स्वतंत्र आजार असू शकतो. इजा किरकोळ वाटली तरी त्याच दिवशी नोंद करावी. पहिला केसपेपर, रुग्णालयातून सुटीच्या वेळी मिळणारा सारांश आणि क्ष-किरण चित्रे एका फाइलीत, तारखेच्या क्रमाने, कायम जपावीत. पुढे त्याच इजेमुळे कोणताही त्रास झाला, तर नव्या डॉक्टरांना ती फाइल दाखवून 'अमुक साली पडल्यामुळे' हे शब्द टिपणात येतील असे पाहावे. डॉक्टरांनी संकेतांक लिहिलाच पाहिजे, असा आग्रह धरू नये. कारण शब्दांत नीट लिहिले गेले की संकेतांक मागाहूनही देता येतो. आणि जे घडले नाही, ते लाभासाठी लिहवून घेण्याचा मोह कटाक्षाने टाळावा. खोटी नोंद एका घराला रक्कम देईल, परंतु खऱ्या अपघातग्रस्तांच्या नोंदीवरील विश्वास घालवील.

संस्थेकडेही एक प्रार्थना आहे. सुवर्णमहोत्सवानिमित्त अनेक संकल्प होतील. त्यांत एका लहान उपक्रमास स्थान द्यावे. समाजातील, आणि समाजाबरोबरच वाडीवस्तीवरील, ज्यांना पडण्याच्या अपघाताने कायमची उणीव आली आहे, अशांचे कागद लावून देण्यासाठी महिन्यातून एक दिवस कार्यालय उघडे ठेवावे. मेडिकल कोडिंगचे शिक्षण घेतलेली आपली मुले सुटीत गावी येतात. त्यांच्या ज्ञानाचा त्या दिवशी उपयोग करून घ्यावा. माडावर चढणारा माणूस बहुधा आपल्या समाजाचा नसतो, परंतु आपल्या घरातील नारळ त्यानेच उतरविलेला असतो. त्याचा केसपेपर नीट लागणे हेही आपलेच येणे-देणे आहे.

आपल्या कर्मसिद्धांतात बंध एका वेळी घडतो आणि उदय दुसऱ्या वेळी होतो; मधला काळ कितीही मोठा असला, तरी दोहोंचा संबंध तुटत नाही. पडण्याच्या अपघाताला मी कर्मफल म्हणत नाही, आणि कोणी पीडितास तसे म्हणूही नये. मला एवढेच सुचवावयाचे आहे की, कारण आणि परिणाम यांच्यामध्ये वर्षे लोटली, तरी संबंध जपण्याची दृष्टी आपणांस परकी नाही. तीच दृष्टी रुग्णालयाच्या कागदांना लावावी. अंथरुणावर पडलेल्या माणसाचे दुःख कोणत्याही संकेतांकात मावणारे नाही. परंतु त्याचा अपघात नोंदीतून नाहीसा झाला, तर त्याचा हक्क, त्याचे कारण आणि त्यापासून इतरांनी घ्यावयाचा धडा, ही तिन्ही त्याच्याबरोबर नाहीशी होतात. ज्या घरांत कोणाची बाकी अशी अर्धवट राहिली आहे, त्यांनी आज घरी गेल्यावर जुना कागद शोधावा, एवढी नम्र विनंती करून मी आपली रजा घेतो.